एसीएल फाटल्यापासून पुन्हा मैदानापर्यंत: नाशिकमधले चौदा महिने

मागच्या महिन्यात मालेगावहून एका कबड्डी खेळणाऱ्या मुलीच्या वडिलांचा फोन आला. कुणाकडून तरी माझा नंबर त्यांना मिळाला होता. "ताई, पोरीचा एसीएल गेलाय म्हणतात. तिचं खेळणं संपलं का?" एवढंच विचारायचं होतं त्यांना, पण बोलता बोलता पाऊण तास गेला. एसीएल म्हणजे गुडघ्याच्या आत मांडीचं हाड आणि नडगी एकमेकांना बांधून ठेवणारा लिगामेंट, हाडं जोडणारा पट्टा. त्यांना जे सांगितलं तेच इथे सविस्तर लिहिते आहे. मी डॉक्टर नाही. ऑपरेशन करायचं की नाही, कोणता व्यायाम कधी, हे तुमच्या डॉक्टरांनीच ठरवायचं. पण तारखा, खर्च, कागदपत्रं आणि या काळात मनाचं काय होतं, हे मला आधी कुणी सांगितलं असतं तर बरेच दिवस आणि बरंच रडणं वाचलं असतं.

मी सिडकोत राहते, अंबड एमआयडीसीत एका कारखान्याच्या तपासणी विभागात नोकरी करते आणि रग्बी खेळते. फ्लँकर. म्हणजे स्क्रमच्या, दोन्ही संघ एकमेकांना भिडून ढकलतात त्या घोळक्याच्या, कडेला चिकटलेली आणि चेंडू सुटला की सगळ्यांत आधी धावत जाऊन समोरचीला पाडणारी, म्हणजे टॅकल करणारी. कॉलेजात असताना मी हँडबॉल खेळायचे. २०१९ च्या जूनमध्ये मनिलात भारताच्या मुलींनी सिंगापूरला २१-१९ असं हरवलं. पंधराजणींच्या रग्बीतला आपला तो पहिलाच आंतरराष्ट्रीय विजय, आणि असा संघ पहिल्यांदा मैदानात उतरला होता फक्त वर्षभर आधी. आमच्या सरांनी त्या सामन्याचा व्हिडिओ दाखवला आणि सांगितलं, या संघाची कर्णधार वाहबिझ भरुचा पुण्याची आहे, पेशाने फिजिओथेरपिस्ट. मला त्या विजयाइतकंच हेही भिडलं. दिवसा पेशंट बघणारी बाई देशाच्या संघाचं नेतृत्व करते, म्हणजे नोकरी सांभाळून हे होऊ शकतं. त्या पावसाळ्यात मी हँडबॉल सोडला.

याची दुसरी बाजू गुडघा गेल्यावर कळली. आपल्याकडे बहुतेक मुली नोकरी किंवा कॉलेज करून खेळतात. क्लबच्या पातळीवर ना पगार, ना डॉक्टर, ना फिजिओ. दुखापत झाली की फाइल आपली आपणच सांभाळायची.

१५ सप्टेंबर २०२४, रविवार. गंगापूर रोडकडच्या एका शाळेचं मैदान आम्ही तासावर घेतो, तिथे आपसात सामना चालू होता. आदल्या रात्री पाऊस झाला होता, जमीन वरून सुकलेली आणि आतून मऊ. मी चेंडू घेऊन डाव्या पायावर जोर देत उजवीकडे वळले. मला कुणी धडकलं नव्हतं, हे मुद्दाम सांगते, कारण घरी सगळ्यांचा पहिला प्रश्न "कुणी पाडलं?" हाच होता. पाय रुतला, अंग वळलं, गुडघा आत गेला आणि सुकी काटकी मोडावी तसा आवाज आला. शेजारी धावणाऱ्या मैत्रिणीलाही तो ऐकू आला. दोन मिनिटांनी दुखणं कमी झालं म्हणून मी उठून उभी राहिले, तर गुडघा खाली आहे की नाही तेच कळेना. तासाभरात नारळाएवढी सूज.

आवाज, गुडघा निसटल्याची जाणीव आणि काही तासांत आलेली सूज, हे तिन्ही एकत्र असेल तर 'मुरगळलाय, बरा होईल' म्हणत आठवडा घालवू नका. मी सोमवारी जवळच्या दवाखान्यात गेले. एक्स-रे काढला (४५० रुपये), हाडं ठीक. म्हणून घरात सगळ्यांना हायसं वाटलं. मावशीने एका हाडवैद्याचा पत्ता दिला आणि आई मला रिक्षात घालून न्यायला निघाली. माझ्या प्रशिक्षकांनी फोनवर आईला हात जोडून सांगितलं, "वहिनी, काही करा पण चोळू नका. एक्स-रेत हाड दिसतं, लिगामेंट दिसत नाही." मंगळवारी अनंत चतुर्दशी, मिरवणुकीमुळे गावातले रस्ते बंद. बुधवारी अस्थिरोगतज्ज्ञांकडे नंबर लागला (६०० रुपये). त्यांनी मांडी एका हाताने धरून नडगी पुढे ओढून पाहिली. उजव्या पायाला ओढलं की कुठेतरी अडकत होतं, डाव्याला अडकतच नव्हतं. तेव्हाच मला समजलं होतं. गुरुवारी, १९ तारखेला, एमआरआय झाला (६,५०० रुपये). अहवाल: एसीएल पूर्ण फाटलेला, बाहेरच्या बाजूच्या मेनिस्कसला, म्हणजे गुडघ्यातल्या गादीला, छोटी चीर. महिन्याभरावर राज्य निवड चाचणी होती. तो कागद मी पर्समध्ये घातला आणि सिटीलिंकच्या बसमध्ये खिडकीकडे तोंड करून घरी आले.

मला वाटलं होतं दुसऱ्या दिवशी ऑपरेशन होईल. डॉक्टर म्हणाले, सूज उतरू दे, गुडघा पूर्ण सरळ होऊ दे, मांडीत ताकद येऊ दे, मग करू. सुजलेल्या, आखडलेल्या गुडघ्यावर घाईने ऑपरेशन केलं तर तो पुढे तसाच आखडून राहू शकतो. चार आठवडे थांबायचं. तेवढ्यात फिजिओथेरपीच्या नऊ बैठका झाल्या, प्रत्येकी ५०० रुपये.

इथून आईची वही सुरू होते. आई ब्लाउज शिवते. फिजिओ ताईंनी सांगितलं की गुडघ्याच्या वाटीपासून दहा सेंटिमीटर वर खूण करून दोन्ही मांड्यांचा घेर दर आठवड्याला मोजा. आईने स्वतःचा टेप काढला आणि गिऱ्हाइकांच्या मापाच्या वहीत मागच्या बाजूला एक पान माझ्या नावाने घातलं. पहिली नोंद, २२ सप्टेंबर: उजवी ५०.५, डावी ४९. आठवड्यात दीड सेंटिमीटर मांडी कमी झाली होती. हाडवैद्याचा विषय तिने पुन्हा काढला नाही.

आता विम्याचं. माझा पगार २१,००० च्या वर आहे म्हणून ईएसआय लागू नाही, कंपनीचा गटविमा आहे. कॅशलेससाठी अर्ज गेला आणि दोन दिवसांनी प्रश्न आला: दुखापत कशी झाली? मी सरळ लिहिलं, रग्बी खेळताना. कॅशलेस नाकारलं गेलं, 'साहसी खेळ' असं कारण देऊन. नाव घेणार नाही, पण त्या दिवशी मला फार एकटं वाटलं. खोटं लिहायला हवं होतं का, असाही विचार मनात आला. लिहू नका. डॉक्टरांच्या केसपेपरवर 'खेळताना' असंच असतं, आणि विसंगती दिसली की दावा खरंच बुडतो.

त्याऐवजी पॉलिसी वाचा. आरोग्य विम्यात वगळलेल्या गोष्टींना क्रमांक असतात, त्यातला ०९ क्रमांक धोकादायक व साहसी खेळांचा. भाऊ आणि मी रात्री बसून ते कलम तीनदा वाचलं. त्यात गिर्यारोहण, राफ्टिंग, मोटार शर्यत, घोड्यांची शर्यत, स्कूबा डायव्हिंग, स्कायडायव्हिंग अशी नावं आहेत, आणि मुख्य म्हणजे 'व्यावसायिक म्हणून' भाग घेतला असेल तर, अशी अट आहे. यादी नमुन्यादाखल असते, म्हणून 'रग्बीचं नाव नाही' एवढ्यावर मी भिस्त ठेवली नाही. 'व्यावसायिक' या शब्दावर ठेवली. मला खेळातून एक रुपया मिळत नाही.

ऑपरेशनपुरते पैसे मात्र आपणच उभे करायचे होते. माझी आवर्ती ठेव मोडली, भावाने काही घातले, आईने भिशी आधी उचलली. २१ ऑक्टोबरला सकाळी भरती, दुपारी ऑपरेशन, २३ ला घरी. बिल १,७२,००० रुपये, शिवाय ब्रेस ३,२०० ची. माझ्याच डाव्या मांडीच्या मागच्या बाजूचे दोन स्नायुबंध काढून त्यांचा नवा लिगामेंट केला आणि मेनिस्कसला टाका घातला. डिस्चार्जच्या वेळी तुमच्या माणसाला एक काम नक्की सांगा: आत बसवलेल्या स्क्रू-बटणांची स्टिकरं आणि त्यांचं वेगळं बिल मागून घ्या. भावाने काउंटरवर उभं राहून ते मिळवलं. ते नसतं तर दाव्यातला मोठा भाग अडला असता.

आमचं घर पहिल्या मजल्यावर आहे. जिन्याचा नियम फिजिओ ताईंनी असा शिकवला: चढताना आधी चांगला पाय, उतरताना आधी दुखरा. कुबड्या घेऊन हे भरती होण्याआधीच घरी दोन दिवस करून पाहा. संडास भारतीय पद्धतीचा असेल तर कमोडची खुर्ची आधीच भाड्याने आणून ठेवा. आम्ही हे विसरलो होतो, आणि तो पहिला दिवस मला आठवायचाही नाही.

पहिल्या तीन आठवड्यांत दोनच गोष्टींचा ध्यास घेतला. एक, गुडघा पूर्ण सरळ करणं. टाचेखाली टॉवेलची गुंडाळी ठेवून गुडघा खाली सोडून द्यायचा, दहा-दहा मिनिटं, दिवसातून पाच-सहा वेळा. झोपताना गुडघ्याखाली उशी घेण्याचा मोह फार होतो, बरंही वाटतं. पण वाकलेला गुडघा तसाच राहायला शिकतो, म्हणून आईने त्या उश्या उचलूनच नेल्या. दुसरी गोष्ट मांडीचा पुढचा स्नायू जागा करणं. हे मला सगळ्यात विचित्र वाटलं. मी मनात आज्ञा देत होते, आवळ, आणि मांडी ढिम्म. दुखत नव्हती, थकली नव्हती, नुसती ऐकत नव्हती. ताई म्हणाल्या, सुजलेल्या सांध्याजवळचा स्नायू शरीरच बंद करून ठेवतं, घाबरू नको, हात ठेवून बघत राहा. सहाव्या दिवशी तळव्याखाली बारीकशी थरथर जाणवली. मी आईला हाक मारली, तिने हातातली कात्री ठेवून मांडीवर हात ठेवला. दिवाळीची आवराआवर तशीच राहिली आणि आम्ही दोघी मांडी हलते का ते बघत बसलो. ११ नोव्हेंबरची नोंद: उजवी ५०.५, डावी ४५.५.

त्याच दिवशी दाव्याची फाइल जमा केली. आमच्या पॉलिसीत घरी आल्यापासून तीस दिवसांची मुदत होती, तुमच्यात किती आहे ते बघा. फाइलमध्ये कलम ०९ ची छापील प्रत, क्लबच्या सचिवांचं 'खेळाडूला कोणतंही मानधन दिलं जात नाही' असं पत्र आणि एचआरचं 'पूर्णवेळ कर्मचारी' असं पत्र लावलं. २ डिसेंबरला पुन्हा तोच प्रश्न आला, ९ तारखेला मी तीच पत्रं पुन्हा पाठवली, यावेळी प्रत्येक पानावर क्रमांक घालून. उत्तर आलं नसतं किंवा नकार आला असता तर विमा नियामकाच्या 'बीमा भरोसा' पोर्टलवर तक्रार करायची तयारी ठेवली होती. तशी वेळ आली नाही. २८ जानेवारी २०२५ ला १,५१,३०० रुपये खात्यात आले. भिशीचा हप्ता आईने त्याच आठवड्यात भरला.

एक चूक मात्र माझी. भरतीच्या आधीचे तीस दिवस आणि नंतरचे साठ दिवस यांतला औषधं-तपासण्यांचा खर्च आमच्या पॉलिसीत मिळतो. माझा एमआरआय १९ सप्टेंबरचा, भरती २१ ऑक्टोबरची. दोन दिवसांनी ६,५०० रुपये हुकले. ऑपरेशनची तारीख ठरवताना कॅलेंडरवर बोट ठेवून मोजा. नंतरच्या साठ दिवसांतल्या फिजिओथेरपीच्या पावत्या मी वेगळ्या लावल्या, त्यांचे ९,८०० मिळाले. पावतीवर नोंदणी क्रमांक आणि तारीख हवीच.

२ डिसेंबरलाच कामावर रुजू झाले होते. सुपरवायझरनी मोजमापाच्या टेबलापाशी उंच स्टूल दिलं, तेवढ्याने दिवस निभावला. आणि इथे सगळ्यात धोक्याचा काळ आला, ज्याबद्दल मला काहीच माहीत नव्हतं. दीड-दोन महिने झाले की दुखणं जातं, चाल सरळ होते, लोक म्हणतात "बरी झालीस की!" पण नवा लिगामेंट साधारण सहाव्या ते बाराव्या आठवड्यात सर्वांत कमजोर असतो. बसवलेल्या स्नायुबंधाला नव्याने रक्तपुरवठा होत असतो, तो आतून बदलत असतो आणि या अदलाबदलीत आधीची ताकदही गेलेली असते. म्हणजे मन सांगतं धाव, आणि नेमकं तेव्हाच धावायचं नसतं. मी नवव्या आठवड्यात स्टॉपवरून निघालेली बस पकडायला चार पावलं पळाले. काही झालं नाही, पण रात्रभर झोप लागली नाही. दुसऱ्या दिवसापासून वीस मिनिटं आधी निघू लागले.

रविवार जड जायचे. मैदानावर गेलं की रडू यायचं, नाही गेलं तर जास्त यायचं. जानेवारीत सरांनी हातात स्टॉपवॉच आणि नियमांचं पुस्तक दिलं. "खेळता येत नाही तर बघायला शीक." मी कडेला उभी राहून टॅकलची उंची बघायला लागले, रकमध्ये, म्हणजे जमिनीवरच्या चेंडूसाठी होणाऱ्या रेटारेटीत, कोण कडेने शिरतं ते टिपायला लागले. पाच वर्षं खेळून मला ऑफसाइडची रेषा नीट कळली ती या तीन महिन्यांत. मुलींच्या वॉर्म-अपची जबाबदारीही मी घेतली. खेळणाऱ्या मुलींमध्ये एसीएलची दुखापत मुलांपेक्षा जास्त आढळते, आणि उडी मारून नीट उतरणं, गुडघा आत न जाऊ देता वळणं हे शिकवता येतं. जागतिक रग्बी संघटनेचा 'अ‍ॅक्टिव्हेट' नावाचा वॉर्म-अप इंटरनेटवर मोफत आहे. आम्ही तो आता सरावाच्या आधी करतोच. माझ्या फाटलेल्या गुडघ्याआधी करत नव्हतो, याचं मला वाईट वाटतं.

१७ फेब्रुवारीला, सतराव्या आठवड्यात, गोल्फ क्लबच्या ट्रॅकवर पहिल्यांदा धावले. एक मिनिट धावणं, दोन मिनिटं चालणं, सहा वेळा. सकाळी सहाला तिथे आजोबांचे गट चालत असतात, सगळे मला मागे टाकून पुढे गेले. मी पावलांचा आवाज ऐकत होते. डावं पाऊल हलकं पडत होतं, जणू जमिनीवर विश्वास नाही. दोन्ही पावलांचा आवाज सारखा यायला एप्रिल उजाडला. वहीत डावी मांडी ४७.५.

जुलैत नऊ महिने पूर्ण झाले. मी मनात तारीख धरून बसले होते, पण तारीख पुरत नाही, चाचणी लागते. एका पायावर लांब उडी, तीन सलग उड्या, मांडीची ताकद, आणि डावा पाय उजव्याच्या किमान ९० टक्के हवा. माझा निघाला ८४. सरांनी एका शब्दाने घाई केली नाही, पण मी स्वतःवरच चिडले आणि दोन दिवस जिमला गेले नाही. ताईंनी फोन करून सांगितलं, लवकर परतणाऱ्यांचा पुन्हा फाटण्याचं प्रमाण कितीतरी जास्त असतं, सहा टक्क्यांसाठी दोन महिने दे. दिले. आठवड्यातून दोनदा एका पायाचे स्क्वॉट, पायरीवरून सावकाश उतरणं, मांडीच्या मागच्या स्नायूंसाठी नॉर्डिक नावाचा व्यायाम. कंटाळवाणं होतं, पण केलं.

त्याच दिवसांत इंग्लंडमध्ये महिलांचा विश्वचषक सुरू झाला. पहिल्याच सामन्यात इंग्लंडची कर्णधार झोई ऑल्डक्रॉफ्टचा गुडघा दुखावला आणि काही आठवड्यांत ती परत खेळायला आली. मी ताईंना विचारलं, मग मला वर्ष का? त्या म्हणाल्या, "तिचा लिगामेंट वेगळा, तुझा वेगळा. शेजारणीच्या मापाने आपला ब्लाउज शिवतात का?" आईला हे वाक्य फार आवडलं. २० सप्टेंबरला दुसरी चाचणी झाली, ९३. २७ तारखेला अंतिम सामना होता, आपल्याकडे रात्री साडेआठला. बाहेर गरब्याचे स्पीकर लागलेले, आत मी, भाऊ आणि आई एका मोबाइलवर. ट्विकनहॅमला ८१,८८५ प्रेक्षक आले होते, इंग्लंडने कॅनडाला ३३-१३ असं हरवलं. आईने धक्काबुक्की बघून तोंडावर पदर घेतला, पण उठून गेली नाही. सामना संपल्यावर म्हणाली, "एवढी माणसं बायकांचा खेळ बघायला आली?"

ऑक्टोबरभर पायऱ्या एकेक करून चढले: आधी नुसता टच, म्हणजे पाडायचं नाही, फक्त हात लावायचा, मग टॅकल बॅग, मग गुडघ्यांवर बसून टॅकल, मग चालत, मग धावत. टॅकल करायची भीती वाटली नाही, वाटली ती वळायची. शेवटी सरांनी मैदानाच्या त्याच कोपऱ्यात एक खांब रोवला आणि डाव्या पायावरून उजवीकडे वीस वेळा वळायला लावलं. पहिल्या पाच वेळा मी वळायच्या आधीच वेग कमी केला. विसाव्या वेळेपर्यंत घामाने भिजले होते, धावण्याने कमी, भीतीने जास्त.

खर्चाचा हिशेब देते, कारण फोनवर सगळे तोच विचारतात. ऑपरेशननंतर फिजिओथेरपीच्या ७४ बैठका, ३७,००० रुपये. औषधं ३,४००. सगळं मिळून २,२७,६५० रुपये, त्यातले १,६१,१०० विम्यातून परत आले, ६६,५५० घरातून गेले. जिमची फी आणि रिक्षाभाडं यात नाही.

१६ नोव्हेंबर २०२५, रविवार. आपसातला सामना, शेवटची बारा मिनिटं मला आत घेतलं. तीन टॅकल केले, एक चुकला. चेंडू हातात एकदाच आला, समोर जागा उजवीकडे होती आणि मी वळले. विचार नंतर आला.

सोमवारी सकाळी कामावर जायच्या आधी आईने टेप लावला. सूज नव्हती. उजवी ५०.५, डावी ५०. तिने आकडे लिहिले, खाली तारीख घातली, आणि वही उलटी करून पहिल्या बाजूने उघडली. दारात अस्तराचं कापड घेऊन गिऱ्हाईक उभं होतं.